तीन पानं

“...मग सांगा ना बाबा, भविष्यातला प्रवास कसा असेल?”

अभिरामनं तिसऱ्यांदा विचारलं. ट्रायपॉडवरचा कॅमेरा चालू होता.

कॉलेजच्या दिवसांत तो डोंगरावरच्या या मठात दोन वर्षं बाबांच्या हाताखाली राहिला होता. आता तो वाहिन्यांवरचा वाहतूकतज्ज्ञ. विजेवरच्या गाड्या, इंधन, धूर, उद्याची शहरं... विषय निघाला की लोक त्यालाच बोलावत. नव्या माहितीपटाचा शेवट त्याला बाबांच्या तोंडून हवा होता. खरं तर हवी होती शाबासकी. पण एवढ्या नावाजलेल्या माणसानं ती मागायची कशी?

बाबा द्रोण टाचत होते.

“माझ्या अहवालामुळे या तालुक्यातल्या काही गाड्या बंद झाल्या,” अभिराम म्हणाला. “बावीस नंबरची बस तर चाळीस जागांची, आणि आत माणसं तीन. म्हणजे रिकामीच. उगाच धूर.”

“तीन?”

“तीनच.”

बाबांनी द्रोण खाली ठेवला आणि ते पंगतीकडे निघाले. अभिराम कॅमेरा उचलून मागोमाग गेला.

गुरुवार होता. ओसरीवर माणसं पानांसमोर बसली होती. आमटीचा वास सुटला होता. एक वाजला, दीड वाजला, तरी वाढायला कुणी उठेना. अभिरामच्या पोटात कावळे ओरडू लागले.

“बाबा, सगळे ताटकळलेत. वाढायचं ना?”

“पानं रिकामी आहेत अजून.”

त्यानं नजर फिरवली. चाळीसेक माणसं बसलेली, टोकाची तेवढी तीन पानं मोकळी.

“तीनच तर आहेत...”

बाबांनी फाटकाकडे पाहिलं.

मग त्याला मठाची रीत आठवली. गुरुवारच्या बसनं येणाऱ्यांची पानं आधी मांडायची, आणि ती माणसं बसल्याशिवाय कुणाला वाढायचं नाही. दोन वर्षं ती पानं त्यानंच मांडली होती. त्याच्या अहवालात त्या बसला फक्त नंबर होता. ती इथं येणारी बस, हे त्याला आत्ता उमगलं.

दोनच्या सुमाराला तीन म्हाताऱ्या फाटकातून आत आल्या. पुढं खालच्या वाडीची द्रुपदाआजी. तुटकी चप्पल हातात, पाय धुळीनं भरलेले, अंगठा ठेचाळलेला.

“उशीर झाला, बाबा. चालत यायचं म्हंजी येळ लागतोच.”

“असू दे. पंगत कुठं पळून जात नाही.”

अभिरामला लाज वाटली. त्यानं हळूच कॅमेरा बंद केला.

“बंद का केलास?” बाबा म्हणाले. “तुझा भविष्यातला प्रवास दारात उभा आहे... आधी त्याच्या पायांवर पाणी घाल.”