साठ पैलूंचा स्फटिक आणि अडकलेली जांभई

एकदा काय झालं, निवळपूर नावाच्या गावात वेळ विहिरीतून यायची. हो, पाणी नाही, वेळच. दिसायची पाण्यासारखी, पण घागर बुडवली तर घागर रिकामीच. ती विहिरीतून वर यायची, पाटात उतरायची आणि गल्लीगल्लीतून वाहत सगळ्यांच्या दारी पोचायची. मग कुठे कोंबडा आरवायचा, दूध तापायचं, पोरं मोठी व्हायची.

पण वेळेला गढूळ व्हायची खोड असते, बरं का. म्हणून जुन्या कारागिरांनी एक स्फटिक घडवला होता. नारळाएवढा, साठ पैलूंचा. दिवसाच्या घटका साठ, एकेका घटकेला एक पैलू. तांब्याच्या साखळीला बांधून तो विहिरीत सोडलेला असायचा. रोज सकाळी साखळीला तीन वेढे द्यायचे. आपण गढूळ पाण्यात तुरटी फिरवतो ना, अगदी तसे. मग वेळ निवळायची आणि दिवसभर एकसारखी वाहायची.

हे काम चिमाकडे होतं. आधी तिच्या आप्पांकडे होतं, पण आप्पांचे गुडघे धरले, विहिरीच्या पायऱ्या झेपेनात. चिमा मोठी गुणी पोर. फक्त फार दचकायची. झाकण पडलं की दचकायची, कुणी मागून शिंकलं की दचकायची. तिची सहा वर्षांची धाकटी बहीण ठकू तिला चिडवायची, "ताई, जपून हं, तुझी सावली आलीय मागे."

मग एका सकाळी चिमा वेढे देत होती. एक झाला, दोन झाले, आणि कठड्यावरून मांजरानं धपकन उडी मारली. चिमा दचकली, मोजणी विसरली. दोन झाले की तीन? काही केल्या आठवेना. असू दे म्हणून तिनं एक वेढा जास्तीचा दिला. तरी मनाला पटेना, म्हणून आणखी एक. मग आणखी एक. तळाचा गाळ उठला आणि वेळ गढूळ झाली.

घरी येते तर आप्पा जांभई देत होते. दुपार झाली तरी तीच जांभई. आ वासलेला तो वासलेलाच. त्यांच्या खोलीत वेळ थिजली होती, आणि अंगणात मात्र धो धो वाहत होती. तिथे खेळणाऱ्या ठकूचे दुधाचे दात सकाळी पडले, आणि संध्याकाळी ती चिमाएवढी उंच झाली.

चिमानं आप्पांना विचारावं तर आप्पा जांभईत. गावाला सांगावं तर भीती. दुसऱ्या दिवशी तिनं गुपचूप दहा वेढे दिले. गाळ आणखी उठला. राजाची न्याहारी संपता संपेना. ठकूचे केस पिकले. "ताई," ती रडवेली होऊन म्हणाली, "मला तर अजून सागरगोटेसुद्धा नीट झेलता येत नाहीत."

तिसऱ्या दिवशी राजानं पैलवान धाडला. त्यानं शड्डू ठोकून शंभर वेढे दिले, तर एका गल्लीत भात शिजायच्या आधीच आंबला. मग राजजोशी आले. त्यांनी पंचांग पाहून उलटे वेढे दिले, तर त्यांच्याच मिशा गळाल्या आणि ते तान्हे होऊन ट्यांहां करू लागले.

"आता कोण?" विहिरीपाशी आलेल्या राजानं विचारलं. त्याच्या हातात कालचाच घास होता.

चिमा पुढे आली. "महाराज, हे मीच ढवळलंय," ती म्हणाली. "मांजराला दचकले, आणि मग ढवळतच राहिले."

राजा रागावला नाही. "मग आता काय करशील, बाळ?"

"काही नाही करणार. गढूळ पाणी नुसतं ठेवून दिलं की निवळतं. मी इथे बसते. साखळीला कुणी हात लावायचा नाही. मीसुद्धा."

मग ती कठड्याशी बसली. पहिल्यांदा कुणाची तरी घागर पडली, ठण्ण. चिमा दचकली, हात साखळीकडे गेला. तिनं तो मागे घेतला. मग तेच मांजर नेमकं मांडीत येऊन पडलं. पुन्हा हात गेला, पुन्हा मागे घेतला. तिसऱ्यांदा मागून काठी वाजली. ठकू होती. पाठीत वाकलेली, तोंडाचं बोळकं झालेली. "ताई, मला भीती वाटते गं. कर ना काहीतरी."

चिमाचा हात साखळीपाशी पोचला. बोटं तांब्याला लागणार, एवढ्यात तिनं तो वळवला आणि ठकूचा हात धरला.

"मलाही वाटते," चिमा म्हणाली. "ये, बस माझ्याजवळ."

दोघी बसल्या. राजाही घास घेऊन पायरीवर बसला. गाळ हळूहळू खाली जाऊ लागला, आणि त्याच्याबरोबर ठकूची नको ती वर्षंही तळाला गेली. स्फटिकाचा एकेक पैलू दिसू लागला. साठावा दिसला तेव्हा चिमाच्या हातातला सुरकुतलेला हात इवलासा, मऊ झाला होता. राजजोशींच्या मिशा परत आल्या. राजानं घास खाल्ला.

आणि घरी आप्पांची जांभई संपली. "चिमे, वेढे दिलेस का गं?"

"जास्तच दिले, आप्पा."

पण जांभई तीन दिवसांची, ती एकट्या आप्पांत कशी मावणार? ती ठकूला लागली, मग चिमाला, मग मांजराला, मग राजाला. सगळे सुखानं झोपले, सुखानं उठले, सुखानं राहिले. जांभई मात्र अजून फिरतेच आहे. आली ना इथपर्यंत? मग आता चुळबुळ नको. एकमेकांचा हात धरा आणि पडून राहा. दिवसभराचा गाळ आपोआप खाली बसतो.