मुनियेची माफी

विहिरीवर पाखरांचंच राज्य होतं, त्या काळची गोष्ट. काठच्या बाभळीवर एक सुगरण पक्षी घरटी विणून दाण्यांच्या मोबदल्यात मुनियांना द्यायचा. घेणारीने आत बसून घरटं झुलवून पाहायचं, अशी रीत होती. फांदी कोणी तपासत नसे. म्हणून सुगरणाने कुजकी फांदी ओल्या मातीने लिंपली आणि तिच्यावर दोन घरटी टांगली.

वाऱ्याने फांदीचं टोक मोडलं. एक घरटं विहिरीत पडलं आणि त्यातल्या मुनियेची चार अंडी बुडाली. मोडल्या जागेची लिंपलेली माती गळून पाण्यात पडताना तिने पाहिली. तिने न्याय करणाऱ्या कासवाकडे तक्रार केली. चौकशी सुरू झाली, तसा सुगरण तिच्यासाठी नवं घरटं घेऊन आला.

मुनिया कासवाला म्हणाली, "आजोबा, आमचं मिटलं. चौकशी थांबवा. रडला हो बिचारा."

"घरटं ठेव, बाळ. तुझं नुकसान त्याने भरून द्यायलाच हवं. माफ केलंस, तेही चांगलं. शिक्षा देताना मी ते ध्यानात घेईन. पण तो म्हणतो, दोष वाऱ्याचा. लिंपलेली माती फक्त तू पाहिलीस, ते तू सर्वांसमोर बोलायला हवं."

"बोलून माझी अंडी परत येणार आहेत का?"

"नाही गं," कासव हळूच म्हणालं.

मुनियेने वर पाहिलं. उरलेल्या घरट्यात एक तरुण मुनिया गाणं गुणगुणत कापूस अंथरत होती. अंडी गमावलेली मुनिया उडून तिच्यापाशी गेली.

"थांब गं," ती म्हणाली, "अंडी घालू नकोस. आधी माझं ऐक, मग आपण दोघी आजोबांकडे जाऊ."