मोडीत दिलेली घटका

एका राज्यात काळ वाहत नसे, बुडत असे. हसू नका, खरेच बुडत असे. राजवाड्याच्या चौकात दगडी कुंड होते. त्यात तांब्याची एक वाटी तरंगे. तिच्या बुडाला बारीकसे छिद्र होते. त्यातून पाणी आत येई आणि बरोबर एका घटकेत वाटी बुडे. मग घटकेवाली बाई टोल देई, "घटका गेली, जाऊ द्या!" अशी हाळी घाली आणि वाटी पुन्हा पाण्यावर ठेवी. टोल पडला की सूर्य पुढे सरके, आणि डोंगर, विहिरी, वाटा आपापल्या जागी राहत.

घटकेवालीचे नाव भिवरा. ती आणि तिची लेक गिरजा पाळीपाळीने कुंडाशी बसत. एके सकाळी गिरजाला बाळंतकळा सुरू झाल्या. त्याच सकाळी महालात राजमाता अंथरुणाला खिळून होत्या, आणि राजवैद्य राजा धवलकेतूला म्हणाले, "महाराज, ही घटका सरली की आईसाहेब जातील."

तेवढ्यात वेशीतून आरोळी आली, "जुनं द्या, नवं घ्या!" तो तांबट नव्हता, तांबटाचे सोंग घेतलेला कर्णपिसा नावाचा मांत्रिक होता. त्याच्या हाती सोन्याची वाटी होती, छिद्र नसलेली.

राजापुढे येऊन तो म्हणाला, "ही कधी बुडत नाही, महाराज. मोड म्हणून जुनी तेवढी द्या."

राजाने मान हलवून होकार दिला. घरोघरच्या बायका जुनी भांडी मोडीत देतात, तशी भिवराने हसतमुखाने तांब्याची वाटी काढून दिली, आणि सोन्याची पाण्यावर ठेवली. ती तरंगली, ती तरंगतच राहिली.

आणि राज्यात काही म्हणून पुरे होईना. विरजण लावले ते लागेना, चुलीवरचा भात शिजेना. सूर्य होता तिथेच राहिला. विहिरी मात्र जागा सोडून भटकू लागल्या. घागर घेऊन निघालेल्या बायका विहिरीलाच शोधत फिरल्या. राजमातेचा श्वास अर्ध्यावर थांबला, ओठांवरचे वाक्यही अर्ध्यावर थांबले. "बाळा, तू..." एवढेच त्या बोलल्या होत्या. आणि गिरजाला आलेली कळ गेलीच नाही. बाळ जन्माच्या दारात अडून राहिले.

असे किती दिवस गेले? कोण सांगणार? दिवसच गेला नव्हता.

भिवरा लेकीच्या उशाशी बसून रडू लागली. तेव्हा अंगणातली टिटवी बोलली. हिला सगळे अशुभ म्हणत, हाकलून देत.

"रडतेस काय? माझी चार अंडी खड्यांत पडून आहेत, एक फुटेल तर शपथ! ऊठ. वाट मी दाखवते."

राज्यातली कुठलीही वाट सरत नव्हती. पण टिटवी वरून ओरडत गेली, भिवरा खालून चालत गेली, आणि दोघी शिवेचा दगड ओलांडून कर्णपिशाच्या डोंगरावर पोचल्या. तिथे काळ चालू होता.

"वाटी परत द्या," भिवरा म्हणाली.

"तुमच्या अडलेल्या घटकेवर मी जगतो आहे, बाई. सुखासुखी कशी देऊ? तीन कामं कर, मग ने. शब्द दिला."

पहिले काम. गुहेत हजार वाट्या मांडल्या होत्या, सगळ्या एकसारख्या. भिवराने डोळे मिटले आणि एकेका वाटीच्या काठावरून अंगठा फिरवत गेली. वीस वर्षे धरून धरून तिच्या वाटीच्या काठाला अंगठ्याचा खळगा पडला होता. आठशेव्या वाटीत अंगठा अलगद बसला.

दुसरे काम. वाटीचे छिद्र काळ्या लाखेने बुजवले होते. "ही लाख खऱ्या बोलण्यानंच वितळते," मांत्रिक म्हणाला.

"राजाज्ञा होती म्हणून मी वाटी दिली," भिवरा म्हणाली. लाख दगडासारखी कडक झाली. टिटवी खो खो हसली.

भिवराचा चेहरा उतरला. मग ती हळूच म्हणाली, "नाही म्हणता आलं असतं. वाटी बुडायलाच हवी, हे माझ्याइतकं कोणाला ठाऊक होतं? पण सोनं हातात धरायचा मोह झाला." लाख वितळून थेंबथेंब खाली पडली.

तिसरे काम. "वाटीला हात न लावता एक घटका मोजून दाखव."

घटकेवाल्यांना हे लहानपणीच शिकवतात. शांत माणसाचे तीनशे साठ श्वास म्हणजे एक घटका. मांत्रिकाने पडताळ्याला अंगणातल्या पाण्यात आपले घटिकापात्र, म्हणजे तशीच छिद्राची वाटी, सोडले आणि भिवरा मांडी घालून बसली. मांत्रिकाने एका मडक्यावरचे झाकण काढले, आणि आतून गिरजाचा आवाज आला, "आई! आई गं! कुठं आहेस?"

भिवराचे काळीज तुटले. धावावेसे वाटले, धाप लागू लागली. पण श्वास चुकला तर लेकही गेली, नातवंडही गेले. तिने पदर मुठीत आवळला आणि एकेक श्वास मोजला. डोळ्यांना धार लागली होती. जन्मात कधी गप्प न बसलेली टिटवी तिच्या खांद्यावर मुकाट बसून राहिली. तीनशे साठावा श्वास सुटला आणि मांत्रिकाच्या अंगणातले घटिकापात्र त्याच क्षणी बुडाले.

मांत्रिकाने तोंड वाकडे केले, पण शब्द पाळला.

भिवरा परतली तर राजा कुंडापुढे वाट अडवून उभा राहिला. "बाई, वाटी ठेवलीस तर माझी आई जाईल."

"आणि नाही ठेवली तर माझी लेक अशीच तळमळत राहील, महाराज. मी एकदा चुकले आहे. आता तुम्ही हुकूम द्या."

राजाने महालाकडे पाहिले. मग म्हणाला, "वाटी बुडायला किती वेळ?"

"एक घटका. ती सगळी तुमची."

राजाने स्वतःच्या हाताने सोन्याची वाटी काढली. भिवराने तांब्याची ठेवली. राजा धावत महालात गेला आणि त्याने आईचा हात धरला. तो हात ऊबदार होऊ लागला होता. राजमातेचा श्वास पुरा झाला, आणि वाक्यही.

"बाळा, तू... जेवलास का रे?"

राजाला हुंदका आवरेना. तो तसाच उठला, ताट मागवले आणि आईसमोर बसून जेवला. चुलीवरचा भात नुकता शिजला होता. आईने घास मोजले, आणखी वाढायला सांगितले, त्याच्या लहानपणीच्या खोड्या आठवून हसली. घटकाभर दोघे बोलत राहिले. अखेर तिने डोळे मिटले.

चौकात वाटी बुडाली. भिवराने टोल दिला. "घटका गेली," ती म्हणाली, आणि महालाकडे पाहून थांबली. पुढचे शब्द महालाच्या सज्जातून राजानेच पुरे केले, "जाऊ द्या!"

टोलाचा नाद विरतो न विरतो तोच गिरजाच्या खोलीतून टॅहँ ऐकू आले. मुलगी झाली होती.

सूर्य पुढे सरकला. विहिरी मुकाट्याने घरी आल्या. खड्यांतली चार अंडी फुटली, आणि बिनछिद्राची ती सोन्याची वाटी टिटवीच्या पिलांना पाणी प्यायला अंगणात ठेवली गेली. त्या राज्यात पुन्हा कोणी टिटवीला हाकलले नाही.