पायपुसण्याचा ‘सु’

दारं-उंबरठे बोलत असत, तेव्हाची गोष्ट. वत्सलाबाईंनी दाराच्या आत काथ्याचं नवं पायपुसणं टाकलं. त्यावर ठसठशीत अक्षरं होती: ‘सुस्वागतम्’. पण ते लांब पडलं. त्याचं डावं टोक दाराखाली येई आणि दार अर्ध्यातच अडे.

“जरा सरक की!” दार कुरकुरलं.

“तूच तासून घे,” पायपुसणं फणकारलं. “माझं एक अक्षर कमी व्हायचं नाही.”

दुपारी ठकूआत्या आंबोळ्या घेऊन आल्या. अंगाने चांगल्या भरलेल्या; अर्ध्या दारातून शिरता येईना. “वत्सला, मी आपली जाते गं,” म्हणत त्यांनी डबा आत सरकवला आणि परत फिरल्या.

वत्सलाबाई ओशाळल्या. त्यांनी मोठी कात्री आणून डावं टोक कापून टाकलं.

“माझा ‘सु’ गेला!” पायपुसणं रडू लागलं.

म्हातारा उंबरठा हसला. “अरे वेड्या, सु आणि आगत मिळूनच स्वागत होतं. तुझा ‘सु’ आतच आहे.”

संध्याकाळी ठकूआत्या डबा न्यायला आल्या. दार थेट भिंतीला टेकलं. आत्यांनी ‘स्वागतम्’वर ऐसपैस पाय पुसले, आत आल्या आणि जेवूनच गेल्या.