चुनी चिचुंद्री म्हणते, वायर मी नाही खाल्ली!

चुनीचं कुणी खरं मानलं नाही.
कुणी म्हणजे कुणीच नाही!

चुनी कोण? चुनी चिचुंद्री. एवढीशी. नाक लांब, शेपूट लांब, डोळे मोहरीएवढे. आणि आवाज? चूं चूं चूं!

हौसाकाकूंच्या अंगणात चुनीचं बीळ होतं. बिळात तीन बाळं होती. डोळे नुकते उघडलेले. पोट मात्र सारखं रिकामं.

एक दिवस आली खंडेनवमी. काकूंच्या लाल गाडीची पूजा झाली. गाडीला हार घातला. चाकाखाली लिंबू ठेवलं. काकू ऐटीत गाडीत बसल्या. गाडी निघाली.

लिंबू फुटलं, फच्च!
गाडी हातभर पुढं गेली.
फुर्र… फुर्र… ठप्प!
बंद पडली.

आणि चाक कुठं थांबलं? बरोब्बर चुनीच्या दारावर!

चुनी बाहेर. बाळं आत.
आतून आवाज आला, "चीं चीं! आई, भूक!"

काकूंनी पुन्हा किल्ली फिरवली. खर्र, खर्र, खर्र. गाडी नाही म्हणजे नाही.

दगडूतात्या पुढं आले. दगडूतात्या म्हणजे काकूंचे यजमान. त्यांनी गाडीकडं बघितलं. त्यांनी चुनीकडं बघितलं. झालं!
"हिनंच वायर खाल्ली!" तात्या ओरडले. "ती बघा, ती बघा चोरटी!"

"मी नाही खाल्ली!" चुनी म्हणाली. "मी झुरळं खाते. वायर कोण खातं? आणि ऐका तरी! रोज किल्ली फिरली, की मागच्या सीटखाली पंप गुणगुणतो, हुंऽऽऽ. आत्ता गुणगुणलाच नाही!"

"हॅट!" काकू म्हणाल्या.
"शूः!" तात्या म्हणाले.
शेजारचा कुत्रासुद्धा हसला.

"मेकॅनिक परवा येईल," तात्या म्हणाले. "सणाचं कोण येतंय?" आणि तात्या खाटेवर आडवे झाले. पोट भरलं होतं ना त्यांचं!

परवा? बाळं परवापर्यंत उपाशी?
नाही, नाही, नाही!

चुनी निघाली. तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!

चुनी गेली चाकाकडं.

"चाकदादा, चाकदादा, सरक की!
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

चाक म्हणालं, "मला काय झालंय? मी ठणठणीत! इंजिन घुरघुरू दे, मग सरकेन."

तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!
चुनी गेली इंजिनाकडं.

"इंजिनराव, इंजिनराव, घुरघुरा की!
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

इंजिन म्हणालं, "मला काय झालंय? मी ठणठणीत! पेट्रोल येऊ दे, मग घुरघुरेन."

तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!
चुनी गेली पेट्रोलकडं. पेट्रोल टाकीत लोळत होतं. डुबुक डुबुक.

"पेट्रोलबाई, पेट्रोलबाई, ये की!
इंजिन घुरघुरेना,
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

पेट्रोल म्हणालं, "मला काय झालंय? मी ठणठणीत! पण मी काय पायांनी चालत जाऊ? पंप गुणगुणू दे, मला ढकलू दे, मग येईन."

तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!
पंप कुठं? टाकीतच! चुनीनं टाकीला कान लावला. चिडीचूप.

"पंपभाऊ, पंपभाऊ, गुणगुण की!
पेट्रोल येईना,
इंजिन घुरघुरेना,
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

पंप म्हणाला, "मला काय झालंय? मी ठणठणीत! वीज पोचू दे, मग गुणगुणेन."

सगळे ठणठणीत! आणि गाडी बंद!

"चीं चीं! आई, भूक!"
"आले गं बाळांनो, आले!"

तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!
चुनी गेली बॅटरीकडं. बॅटरी पुढं बसलेली, पाटलीणबाईसारखी.

"बॅटरीमावशी, बॅटरीमावशी, वीज दे की!
पंप गुणगुणेना,
पेट्रोल येईना,
इंजिन घुरघुरेना,
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

बॅटरी म्हणाली, "मला काय झालंय? मी ठणठणीत! हॉर्न वाजतो, प्यांऽऽ! दिवे लागतात, लख्ख! वीज मी कधीच दिली. पण वाटेत फ्यूज बसलाय. तो पुढं सोडू दे, मग पोचेल."

तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!
बॅटरीशेजारी एक काळी डबी. झाकण जरा तिरकं. चुनी आत शिरली. सुळुक!

आत फ्यूजच फ्यूज. लाल, पिवळे, निळे, हिरवे. रांगेत बसलेले.

"पंपाचा फ्यूज कोण?" चुनीनं विचारलं.
"मी नाही!" लाल म्हणाला.
"मी नाही!" पिवळा म्हणाला.
"मी तर मुळीच नाही!" हिरवा म्हणाला.
कोपऱ्यातून बारीक आवाज आला. "मी."
तो होता निळा. एवढासा. चुनीच्या नाकाएवढा.

"फ्यूजबाळा, फ्यूजबाळा, वीज सोड की!
वीज पोचेना,
पंप गुणगुणेना,
पेट्रोल येईना,
इंजिन घुरघुरेना,
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

निळा फ्यूज म्हणाला, "मला झालंय."

चुनीनं कान टवकारले. असं आजवर कुणी बोललंच नव्हतं!

"माझी तार तुटली," निळा म्हणाला. "वरून पाणी आलं. वीज भलतीकडंच धावली. खूप धावली! मी म्हटलं, थांब. आणि मी जळलो. जळलो म्हणून वायर वाचली."
"मग तुला कुणी शाबास म्हणालं?"
"मला कुणी विचारलंसुद्धा नाही."
"मलापण नाही," चुनी म्हणाली.

निळा म्हणाला, "झाकणात बघ. तिथं माझा भाऊ आहे. निळाच. अंगावर पंधरा लिहिलंय. त्याला माझ्या जागी बसव."

तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!
चुनी चढली झाकणाकडं.

"नव्या भावा, नव्या भावा, बस की!
जुना फ्यूज जळाला,
वीज पोचेना,
पंप गुणगुणेना,
पेट्रोल येईना,
इंजिन घुरघुरेना,
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

नवा फ्यूज म्हणाला, "मला काय झालंय? मी ठणठणीत! गाडी आली तसा इथं निजून आहे. चिमटा जुन्याला उपटू दे, मग बसेन."

चिमटा शेजारीच होता. पांढरा, प्लास्टिकचा, बोटाएवढा.

"चिमटेबुवा, चिमटेबुवा, उपटा की!
नवा फ्यूज बसेना,
जुना फ्यूज जळाला,
वीज पोचेना,
पंप गुणगुणेना,
पेट्रोल येईना,
इंजिन घुरघुरेना,
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

चिमटा म्हणाला, "मला काय झालंय? मी ठणठणीत! पण मला हात कुठं आहेत? काकूंना धरू दे, मग उपटेन."

तुरूतुरू, तुरूतुरू, चूं चूं चूं!
काकू पायरीवर बसल्या होत्या. उद्याच्या दसऱ्यासाठी आपट्याची पानं खुडत होत्या. तात्या खाटेवर घोरत होते. घर्रर्र… फूस!

"काकू, काकू, चिमटा धरा की!
चिमटा उपटेना,
नवा फ्यूज बसेना,
जुना फ्यूज जळाला,
वीज पोचेना,
पंप गुणगुणेना,
पेट्रोल येईना,
इंजिन घुरघुरेना,
चाक सरकेना,
माझं दार उघडेना.
तीन बाळं आत,
मी एकटी बाहेर!"

काकू म्हणाल्या, "मला काय झालंय? मी ठणठणीत! मेकॅनिक येऊ दे, मग बघेन. आणि तू गं चोरटे? वायर खाऊन वर मलाच शिकवतेस?"

आता मात्र चुनीचं नाक लाल झालं. शेपूट ताठ झाली.

"काकू, उठा! नाही उठलात, तर मी गाडीत शिरेन. सीटखाली बसेन. आणि वास सोडेन! असा वास, असा वास, की दिवाळीचं सगळं उटणं फासलंत तरी जायचा नाही!"

काकू उठल्या.
पानं सांडली, तरी उठल्या.
खरं बोललं, तर कुणी हलत नाही. वास म्हटलं, की सगळे हलतात!

काकूंनी आधी किल्ली बंद केली. मग बॉनेट उघडलं, डबीचं झाकण काढलं, टक्क!
"अगंबाई!"
डबीत पाणी. पाण्यात कुंकू. कुंकवात फूल.

काकूंनी फडकं घेतलं. पुसलं, पुसलं, कोरडं खडखडीत केलं. झाकणाच्या आत चित्रं होती. हॉर्नचं चित्र, दिव्याचं चित्र. काकूंनी बोट फिरवलं. हे नव्हे, हे नव्हे… हे! पंपाचं चित्र!

आणि मग?

काकूंनी चिमटा धरला. कच्च!
चिमट्यानं जुना फ्यूज उपटला. टुप्प!
काकूंनी फ्यूज उन्हात धरला. एक डोळा मिटून बघितलं. आतली तार तुटलेली!
"खरंच गं चुने. जळालाय."

"मला घ्या, मला घ्या!" हिरवा ओरडला. "मी तीसचा! मी दांडगा! मी नाही जळणार!"
"तू नाही जळणार," काकू म्हणाल्या. "तू बसशील ऐटीत, आणि वायर जळेल. गप बस. निळ्याला निळा. पंधराला पंधरा."

नवा फ्यूज बसला. टक्क!
काकूंनी किल्ली फिरवली.
वीज पोचली. सर्रर्र!
पंप गुणगुणला. हुंऽऽऽ!
पेट्रोल आलं. सुळसुळ सुळसुळ!
इंजिन घुरघुरलं. घुर्र घुर्र घुर्रर्र!
काकूंनी गाडी मागं घेतली. चाक सरकलं. गर्र…
आणि चुनीचं दार उघडलं!

"चीं चीं! आई!"
पहिलं बाळ आलं. त्यानं आईची शेपूट धरली.
दुसरं बाळ आलं. त्यानं पहिल्याची शेपूट धरली.
तिसरं बाळ आलं. त्यानं दुसऱ्याची शेपूट धरली.
चुनी पुढं, बाळं मागं. तुरूतुरू तुरूतुरू तुरूतुरू! गेली सगळी जास्वंदीखाली. चुटुचुटु दूध प्यायली. पोटं झाली टम्म!

काकूंनी सगळ्या वायरी तपासल्या. एक, दोन, तीन, दहा. एकसुद्धा खाल्लेली नव्हती.
"चुकलं गं माझं, चुने," काकू म्हणाल्या.
"हं," चुनी म्हणाली. बस्स. एवढंच.

खाटेवरचे तात्या जागे झाले. "झाली ना चालू? मी म्हटलंच होतं! त्या चिचुंद्रीला हाकललं, की…"
"अहो," काकू म्हणाल्या, "डबीत कुंकू होतं. चिचुंद्री पूजा करते का?"

तात्या खाटेवर उठून बसले.

"तर मग सांगा," काकू कडाडल्या. "डबीत पाणी गेलं कसं?"

चाक म्हणालं, "मी नाही नेलं."
इंजिन म्हणालं, "मी नाही नेलं."
पेट्रोल म्हणालं, "मी टाकीत होतं."
पंप म्हणाला, "मीपण टाकीत होतो."
बॅटरी म्हणाली, "मी तर बाई जागेवरून हलतच नाही."
फुलानं सांगितलं, "मी तांब्यातून आलं."
पूजेचा तांब्या ठणकला, "आलं असेल! पण मी काय आपला आपण वाकतो? माझा मालक म्हणाला, गाडीला आंघोळ झाली, पोटातल्या देवाची राहिली. त्यानंच बॉनेट उघडलं, डबी उघडली, आणि मला ओतलं. भडाभडा!"

"कोण तो मालक?" काकूंनी विचारलं.

तात्या आभाळाकडं बघू लागले.

जास्वंदीखालून तीन लांब नाकं वर आली. पोटं भरलेली. आवाज खणखणीत. आणि तिघंही एकदम ओरडली,

"दगडूतात्या!"