दीड पान आणि एक शब्द

एकदा एक तरुणी एका वृद्ध लेखकाकडे मालिकालेखन शिकायला आली. हा लेखक नटही होता. चाळीस वर्षांत त्याने चित्रपट लिहिले, मालिका लिहिल्या आणि त्यांतच पोस्टमन, तलाठी, वधूपिता अशा दोन-दोन मिनिटांच्या भूमिकाही केल्या. बाजारात लोक त्याला अडवत. “अहो, तुम्ही ते... ते हे ना?” तो “हो, तोच” म्हणून पुढे जाई. तरुणीला त्या ‘तोच’चा संताप येई. लेखणी स्वतःच्या हातात असताना या माणसाने स्वतःसाठी एक चांगलं वाक्य लिहू नये?

आठ महिन्यांनी तिला त्याच्या मालिकेतला पहिला स्वतंत्र प्रसंग लिहायला मिळाला. नवऱ्याने हात भाजलेली एक बाई दवाखान्यात येते. आधी खोटं कारण सांगते, मग पट्टी बांधून घेता घेता सगळी कहाणी सांगते. तरुणीने दीड पान लिहिलं.

दिग्दर्शक म्हणाला, “तालमीत बघू. जमलं तर पुढच्या भागापासून पडद्यावर तुमचं नाव. नाही जमलं तर प्रसंगच उडवू.”

वृद्धाने कागद वाचला. तिचं एक अक्षर बदललं नाही. फक्त शेवटी पट्टी बांधणाऱ्या कंपाउंडरच्या तोंडी एक शब्द घातला, ‘बरं.’ ती भूमिका नेहमीप्रमाणे त्याचीच होती.

“काका, एवढं वाचून तुम्हाला इतकंच सुचलं?”

“मला पुरे आहे.”

तालमीच्या दिवशी मात्र तो सेटवर येऊन थेट खुर्चीत बसला. “गुडघा धरलाय. कंपाउंडरऐवजी नर्स करा, ही उभी राहील.”

“मी? मी लिहायला आलेय, पट्ट्या बांधायला नाही!”

“एकच शब्द आहे. पाठ होईल तुला.”

हसणारे हसले. तिने रागारागाने पांढरा कोट चढवला.

अभिनेत्री बोलू लागली. पहिली काही वाक्यं तरुणी मनातल्या मनात तिच्यासोबत म्हणत होती. मग पट्टी संपली, भाषण संपेना. तिने गाठ मारली, सोडली, पुन्हा मारली. भाषणात समई आली, वादळ आलं, पिंजरा आला. समोर कोपरापर्यंत भाजलेला हात होता, रंगवलेला का होईना. तो हात धरून उभं असताना तिला वाटलं, अनोळखी नर्सला इतकं कोण सांगतं? आणि उपमा देऊन?

दिग्दर्शकाने घड्याळ पाहिलं. “उडवू या.”

“दहा मिनिटं द्या,” ती म्हणाली.

पायरीवर बसून तिने खोडायला सुरुवात केली. दीड पानातलं एकच वाक्य उरलं, अगदी सुरुवातीचं.

तालीम पुन्हा सुरू झाली. अभिनेत्रीने हात पुढे केला आणि वर न बघता म्हणाली, “पोळी करताना भाजलं, असं लिहा.”

पट्टीचा शेवटचा वेढा अर्ध्यावर थांबला.

“बरं,” नर्स म्हणाली.

दिग्दर्शकाने या वेळी घड्याळ पाहिलं नाही. तो साहाय्यकाला म्हणाला, “लेखिकाबाईंचं पूर्ण नाव विचारून घे. पडद्यावर चुकायला नको.”

ती तडक वृद्धाकडे गेली. “गुडघा कसा आहे?”

“उत्तम.”

“मग हे आधी सांगायचं ना! दोन वाक्यांत काम झालं असतं.”

“सांगितलं असतं, तर तू दीड पानाचा वाद घातला असतास.” तो हसला. “अगं, लिहिताना आपण बोलणाऱ्याच्या बाजूला बसलेले असतो. तिथून आपलं प्रत्येक वाक्य आवडतं. म्हणून मी जन्मभर ऐकणाऱ्याच्या भूमिका मागून घेतल्या. शब्द खोटा असला की तो आधी ऐकणाऱ्याला टोचतो. लोकांना माझं नाव आठवत नाही, हे खरं. पण माझ्यासमोर उभं राहून कोण काय बोललं, ते त्यांना आठवतं.”

तिच्या ओठांवर तीन उत्तरं आली. तिन्ही चांगली होती. तिने ती मनातच खोडली.

“बरं,” ती म्हणाली.