पिवळ्या लुगड्यावरचे लाल डाग

फार पूर्वी नदीकाठच्या एका गावात एक रंगारीण राहत होती. हळदीत रंगवलेली तिची लुगडी इतकी सुंदर पिवळी दिसत, की पंचक्रोशीतल्या नवऱ्या हळदीला तिच्याच हातचं लुगडं नेसत.

एकदा विणकराच्या मुलीचं लग्न ठरलं. रंगारणीने तिचं लुगडं रंगवून अंगणात वाळत घातलं आणि ती घरात गेली. तिची सून नुकतीच लग्न होऊन आली होती. कपडे धुण्यासाठी राखेचं पाणी घेऊन ती अंगणातून निघाली. पाय घसरला, मडकं हिंदकळलं आणि लुगड्यावर शिंतोडे उडाले. जिथे जिथे थेंब पडले, तिथे पिवळा रंग बघता बघता लाल झाला.

तेवढ्यात सासू बाहेर आली.

"अगं बाई! हे काय? उद्या सकाळी हळद आहे पोरीची!" तिने डाग निरखले. "मघाशी नवरीची मावशी इथेच पान चघळत उभी होती. तिचीच पिंक उडाली असणार. काताचा डाग काही निघायचा नाही. आता अख्खं लुगडं लाल रंगात बुडवावं लागणार. विचारतेच जाऊन तिला!"

सुनेने नुसती मान हलवली असती, तरी ती सुटली असती. पण नवरीला लाल लुगड्यात हळद लागणार आणि बिचाऱ्या मावशीला चारचौघांत बोलणी बसणार, हे तिला बघवेना.

"सासूबाई, मावशींनी काही केलं नाही," ती रडवेल्या आवाजात म्हणाली. "माझा पाय घसरला. राखेचं पाणी उडालं."

"राखेचं पाणी? नक्की?"

"हो."

सासू मटकन ओट्यावर बसली आणि हसू लागली. "मग रडतेस काय? लिंबू आण!"

तिने लिंबाचा रस पाण्यात पिळला आणि बोटांनी डागांवर लावला. लाली ओसरली, पिवळा रंग परत आला. लुगडं स्वच्छ पाण्यातून काढून दोघींनी सावलीत वाळत घातलं.

"राखेतला खार हळदीला लाल करतो, लिंबाचा आंबटपणा तिला पुन्हा पिवळी करतो," सासू म्हणाली.

"तुम्ही रागावला नाहीत?"

"रागावणार होते गं. पण आधी जीव भांड्यात पडला! तू गप्प बसली असतीस, तर मी भलताच उपाय करून बसले असते."

तात्पर्य: चूक जशी घडली तशी सांगितली, की ती सुधारायची वाट सापडते.